तळटीप : ‘इगतपुरीपलीकडची कंपनी’

१. इगतपुरीपलीकडची कंपनी : मुंबईहून रेल्वेने कसारा घाट चढला की इगतपुरी, पुढे नाशिक. ‘राजा हरिश्चंद्र’नंतर १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी आपली कंपनी दादरहून नाशिकला हलवली, तिचा हा उल्लेख. त्या चित्रपटात तारामती झाले अण्णा साळुंके. कॅमेऱ्यापुढे यायला एकही स्त्री राजी झाली नव्हती. पुढच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला (पुढे कमलाबाई गोखले) उभ्या राहिल्या. मल्याळम चित्रपटाचा आरंभही असाच बोलका आहे. जे. सी. डॅनियल यांच्या ‘विगतकुमारन’मध्ये दलित समाजातील पी. के. रोझी यांनी नायर स्त्रीची भूमिका केली; त्यापायी त्यांना गाव सोडावे लागले. वाचकांनी जुना चित्रपट पाहताना भूमिका कोणी केली आणि कोणाला करू दिली नाही, हेही पाहावे. – संपादक