बालविकासशास्त्रातील पित्याचे स्थान : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

विसाव्या शतकाच्या मध्यास बालविकासाच्या अभ्यासात माताच केंद्रस्थानी होती. जॉन बोल्बी यांच्या जागतिक आरोग्य संघटनेसाठी लिहिलेल्या १९५१ च्या अहवालात पित्याचे महत्त्व प्रामुख्याने मातेला आर्थिक व भावनिक आधार देण्यापुरते मानले गेले. रुडॉल्फ शॅफर व पेगी इमर्सन यांनी ग्लासगो येथील ६० अर्भकांवर केलेल्या व १९६४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाने या गृहीतकास छेद दिला. दीड वर्षाच्या वयापर्यंत बहुसंख्य बालकांचा पित्याशीही जिव्हाळ्याचा बंध जुळलेला आढळला. पुढे १९७५ मध्ये मायकेल लॅम्ब यांनी पित्यास बालविकासातील विस्मृत घटक म्हटले. पित्याचा प्रभाव तेव्हा नव्याने निर्माण झाला नव्हता. संशोधकांची दृष्टी त्याकडे उशिरा वळली. ज्याचे निरीक्षणच झाले नाही ते अस्तित्वात नाही असे मानणे शास्त्रास धरून नाही, हाच या इतिहासाचा बोध होय.