सनदी लेखापाल ते केंद्रीय मंत्री : सुरेश प्रभू यांच्या कारकिर्दीचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

मंत्रिमंडळात वकिलांचा भरणा असणे ही आपल्याकडील जुनी रीत आहे. १९३७ मध्ये मुंबई प्रांताचे अर्थखाते सांभाळणारे, कोल्हापूरचे माजी दिवाण अण्णासाहेब लठ्ठे हेही कायद्याचे पदवीधर होते. चिंतामणराव देशमुख १९५० मध्ये अर्थमंत्री झाले ते सनदी सेवेतून. हिशेब हाच ज्याचा व्यवसाय, अशी व्यक्ती मंत्रिपदी येणे मात्र विरळाच. सुरेश प्रभू हे महाराष्ट्रातील असे ठळक उदाहरण होय. त्यांच्या कारकिर्दीची चर्चा सहसा समाजमाध्यमांवरील तक्रारनिवारण किंवा रेल्वे अपघात या दोन टोकांना होते. प्रस्तुत लेखकाच्या मते त्यांच्या कार्याचे इतिहासदृष्ट्या महत्त्वाचे अंग वेगळे आहे. शासनाच्या हिशेबाची पद्धतच बदलण्याचा त्यांनी केलेला प्रयत्न आणि त्या प्रयत्नाला पडलेली मर्यादा, हे ते अंग होय.

बँकेतून संसदेत

१९५३ साली जन्मलेल्या प्रभूंनी मुंबईत वाणिज्य व कायदा या विषयांचे शिक्षण घेतले व ते सनदी लेखापाल झाले. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या सारस्वत सहकारी बँकेचे अध्यक्षपद व महाराष्ट्र राज्य वित्त आयोगाचे अध्यक्षपद त्यांनी भूषविले. १९९६ मध्ये शिवसेनेच्या उमेदवारीवर ते राजापूर मतदारसंघातून लोकसभेवर निवडून आले. हा मतदारसंघ नाथ पै आणि मधु दंडवते यांचा. दंडवते तर १९७७ मध्ये रेल्वेमंत्री व १९८९ मध्ये अर्थमंत्री झाले होते. वक्तृत्व आणि चळवळ यांवर पोसलेल्या या मतदारसंघाने आकड्यांच्या माणसाला सलग चार वेळा निवडून द्यावे, हा स्वतंत्र अभ्यासाचा विषय ठरेल.

वाजपेयी मंत्रिमंडळांत उद्योग, पर्यावरण, रसायने व खते ही खाती त्यांनी सांभाळली. सप्टेंबर २००० मध्ये ऊर्जाखाते आले आणि तेथे लेखापालाची दृष्टी प्रथम स्पष्ट दिसली. तोवर ऊर्जाधोरणाचा भर नव्या वीजप्रकल्पांवर होता. प्रभूंनी प्रश्न वितरणाच्या बाजूने मांडला : तयार झालेल्या विजेचे पैसे कोणाकडून, किती वसूल होतात? राज्य वीज मंडळांकडे केंद्रीय कंपन्यांची ४० हजार कोटी रुपयांहून अधिक थकबाकी साचली होती. २००१ मध्ये नेमलेल्या माँटेकसिंग अहलुवालिया तज्ज्ञगटाने व्याज व अधिभारातील ६० टक्के माफी आणि उर्वरित रकमेचे रोख्यांत रूपांतर असा मार्ग सुचविला. त्याच वर्षी वीज विधेयक लोकसभेत मांडले गेले. ते संमत होऊन २००३ मध्ये अमलात आले तेव्हा मात्र प्रभू मंत्री नव्हते. ऑगस्ट २००२ मध्ये पक्षाच्या आदेशावरून त्यांनी राजीनामा दिला होता. खात्याचा ताळेबंद आणि पक्षाचा ताळेबंद यांचे नियम निराळे असतात, एवढेच येथे नोंदवावेसे वाटते.

रेल्वेची वही

२००९ च्या पराभवानंतर ९ नोव्हेंबर २०१४ रोजी ते भारतीय जनता पक्षात आले व त्याच दिवशी मंत्री झाले. रेल्वेखाते त्यांच्याकडे आले. फेब्रुवारी २०१५ च्या पहिल्या रेल्वे अर्थसंकल्पात त्यांनी एकाही नव्या गाडीची घोषणा केली नाही. खासदारांच्या मागणीनुसार गाड्या वाटण्याची प्रथा पाहता हे धाडसच म्हटले पाहिजे. त्याऐवजी रेल्वेच्या स्थितीवर श्वेतपत्रिका निघाली आणि पाच वर्षांत ८.५६ लाख कोटी रुपयांच्या गुंतवणुकीची योजना मांडली गेली. आयुर्विमा महामंडळाकडून दीड लाख कोटींचे कर्ज उभारण्याचा करारही झाला.

फेब्रुवारी २०१६ च्या अर्थसंकल्पात रोख पद्धतीऐवजी लेखापाल ज्याला ‘अ‍ॅक्रुअल’ म्हणतात ती पद्धत आणण्याचे जाहीर झाले. अजमेर विभाग व कपूरथळ्याचा डबे कारखाना येथे तिचे प्रयोग झाले. रोख पद्धतीत पैसा आला-गेला एवढेच दिसते. रूळ किती झिजला हे दिसत नाही. नव्या पद्धतीत मालमत्तेची झीजही हिशेबात येते.

परंतु याच काळात झिजेसाठी बाजूला काढावयाची रक्कम घटत गेली. घसारा राखीव निधीसाठी २०१४-१५ मध्ये सुमारे ७,७०० कोटी रुपये ठेवले होते. २०१६-१७ मध्ये ते ५,२०० कोटींवर आले. ही तरतूद चालू खर्चात धरली जात असल्याने ती कमी केली की शंभर रुपये मिळकतीमागील खर्चाचे प्रमाण, म्हणजे परिचालन गुणोत्तर, आपोआप बरे दिसते. तरीही ते २०१६-१७ मध्ये ९६.५ वर गेले. सातव्या वेतन आयोगाचा बोजा त्यास बऱ्याच अंशी कारणीभूत होता, हे मान्य करावे लागेल. तथापि घसाऱ्याचे मर्म पुरेपूर जाणणाऱ्या मंत्र्याच्या काळातच घसारा कमी धरला जावा, ही विसंगती दुर्लक्षिता येत नाही. नोव्हेंबर २०१६ मध्ये पुखरायां येथे सुमारे १५० प्रवासी दगावले. ऑगस्ट २०१७ मध्ये खतौलीजवळ रुळाचे काम सुरू असताना गाडी घसरली. अपघाताचा ठपका एका निधीवर ठेवणे अशास्त्रीय ठरेल. मात्र नूतनीकरणाचा अनुशेष शासनालाही जाणवत होता. एक लाख कोटींचा राष्ट्रीय रेल संरक्षा कोष फेब्रुवारी २०१७ मध्येच जाहीर झाला होता. खतौलीनंतर प्रभूंनी राजीनाम्याची तयारी दर्शविली व सप्टेंबरात त्यांच्याकडे वाणिज्य खाते आले.

स्वतंत्र अर्थसंकल्पाचा अंत

अ‍ॅकवर्थ समितीच्या शिफारशीनुसार १९२४ मध्ये वेगळा झालेला रेल्वे अर्थसंकल्प २०१७ पासून सर्वसाधारण अर्थसंकल्पात विलीन झाला. या विलीनीकरणास खुद्द रेल्वेमंत्र्यांचाच पाठिंबा होता. त्यामुळे रेल्वेचे २.२७ लाख कोटींचे भांडवली दायित्व पुसले गेले आणि दरवर्षीचा लाभांशही थांबला. हिशेबाच्या दृष्टीने हा सौदा फायद्याचा होता. राजकीयदृष्ट्या मात्र मंत्र्याने उभे राहून साऱ्या देशाला रेल्वेचा जमाखर्च सांगण्याचा दिवस संपला.

कोल्हापूरकरांना यातील अर्थ सहज उमगेल. मिरज-कोल्हापूर मार्ग संस्थानने स्वतःच्या खजिन्यातून बांधला व तो १८९१ मध्ये सुरू झाला. त्याचा खर्च दरबारच्या दप्तरात सापडतो. कोल्हापूर-वैभववाडी मार्गाचा समावेश प्रभूंच्या २०१६ च्या अर्थसंकल्पात झाला. सुमारे १०७ किलोमीटरचा हा मार्ग पुढे कित्येक वर्षे कागदावरच राहिला आणि त्याच्या वाट्याला दरवर्षी किती रक्कम आली, हे पाहण्यासाठी आता रेल्वेच्या ‘पिंक बुक’ची पाने चाळावी लागतात.