शीव ओलांडताना

मारुंजीहून हिंजवडीकडे जाताना एका गावची शीव संपते आणि दुसऱ्याची सुरू होते. एके काळी इथे भातखाचरे होती, आता उंच इमारती आहेत. पण रस्त्यावर शिवेची रेघ तेव्हाही नव्हती आणि आताही नाही. ती आहे गावनकाशावर. ओलांडणाऱ्याला काहीच जाणवत नाही. मग ही शीव खरी म्हणायची की खोटी?

विज्ञानकथांमध्ये अशीच एक शीव भेटते. तिच्यापलीकडे वेगळे विश्व, वेगळी मिती. तिच्याजवळ प्रकाश वाकतो, वस्तू ताणली जाते, घड्याळ मंदावते. वर्गात एखादा मुलगा हमखास विचारतो, "सर, असं खरंच असतं का?" नुसते 'नाही' म्हणून हा प्रश्न संपत नाही. कारण शास्त्रज्ञांनाही तो बरीच वर्षे छळत होता.

१७८३ साली जॉन मिशेल या इंग्रज पाद्र्याने न्यूटनच्या नियमांवरून एक हिशेब मांडला. घनता सूर्याइतकीच, पण त्रिज्या सूर्याच्या ५०० पट असलेल्या ताऱ्यावरून प्रकाशही निसटू शकणार नाही! पुढे आइन्स्टाइनने गुरुत्वाकर्षणाचा नवा सिद्धांत मांडला आणि १९१६ साली कार्ल श्वार्झशिल्ड यांचे त्या समीकरणांचे उत्तर प्रसिद्ध झाले. पहिल्या महायुद्धात आघाडीवर असताना त्यांनी ते काढले होते. त्यात एक विशिष्ट त्रिज्या येते. सूर्यासाठी ती सुमारे ३ किलोमीटर, पृथ्वीसाठी जेमतेम ९ मिलिमीटर. या अंतरावर सूत्रातली एक राशी अनंत होते.

अनंत आले की गणिती बिचकतो. तिथे अवकाशच संपते, असे अनेकांना वाटले. असे काही निसर्गात घडणारच नाही, असा युक्तिवाद खुद्द आइन्स्टाइन यांनी १९३९ मध्ये केला. गंमत अशी, की बेल्जियमचे लमेत्र यांनी १९३३ मध्येच दाखवून दिले होते की हा दोष अवकाशाचा नसून मोजमापाच्या पद्धतीचा आहे. पृथ्वीगोलावर सर्व रेखावृत्ते उत्तर ध्रुवावर एकत्र येतात, म्हणून तिथली जमीन फाटते काय? तसेच हे.

मग शीव खोटीच ठरली का? नाही. १९३९ मध्येच ओपेनहायमर आणि स्नायडर यांनी कोसळणाऱ्या ताऱ्याचे गणित केले. दुरून पाहणाऱ्याला तारा शिवेजवळ मंदावत, लाल होत, विझत जाताना दिसेल. ताऱ्याबरोबर कोसळणारा मात्र ठरावीक वेळात शीव ओलांडून जाईल. १९५८ मध्ये फिंकेलस्टाइन यांनी नेमके सांगितले, की ही एकाच दिशेने ओलांडता येणारी सीमा आहे. आत जाता येते, परत येता येत नाही. मारुंजीच्या शिवेसारखी तीही ओलांडताना जाणवेलच असे नाही. फरक परतीच्या वाटेत आहे.

या इतिहासात आपली माणसेही आहेत. कोल्हापूरचे विष्णु वासुदेव नारळीकर बनारस हिंदू विद्यापीठात गणित शिकवत. त्यांच्याकडे शिकायला गेलेल्या प्रल्हाद चुनीलाल वैद्य यांनी १९४३ मध्ये प्रकाश फेकणाऱ्या ताऱ्याभोवतीच्या गुरुत्वक्षेत्राचे उत्तर शोधले. ते आजही 'वैद्य उत्तर' म्हणून वापरले जाते.

१९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत 'कृष्णविवर' नावाची कथा आली. लेखक नारायण विनायक जगताप. तिला पहिले बक्षीस मिळाले आणि मग कळले की हे जगताप म्हणजे विष्णुपंतांचे चिरंजीव, जयंत विष्णु नारळीकर! आपली आद्याक्षरे त्यांनी उलटी केली होती. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा पत्नी मंगलाताईंनी लिहून काढली होती. परीक्षण नावाचे न होता कथेचे व्हावे, हा त्यामागचा हेतू.

१९७० मध्ये बंगळूरच्या सी. व्ही. विश्वेश्वरा यांनी दाखवले होते की डिवचलेले कृष्णविवर घंटेसारखे निनादत शांत होते. १४ सप्टेंबर २०१५ रोजी अमेरिकेतील लायगो उपकरणांनी दोन कृष्णविवरांच्या मीलनातून निघालेल्या गुरुत्वलहरी टिपल्या. असे क्षीण संकेत गोंगाटातून वेचून काढण्याच्या पद्धतींवर पुण्याच्या आयुका संस्थेत संजीव धुरंधर आणि सहकाऱ्यांनी कित्येक वर्षे काम केले होते. १० एप्रिल २०१९ रोजी एम-८७ दीर्घिकेच्या केंद्रातील, साडेसहा अब्ज सूर्यांइतक्या वस्तुमानाच्या कृष्णविवराच्या सावलीचे चित्र प्रसिद्ध झाले. भारतातील लायगो हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ उभारण्यास २०२३ मध्ये केंद्र सरकारने मंजुरी दिली.

तेव्हा त्या मुलाला काय सांगावे? प्रकाश वाकतो, हे खरे. वस्तू ताणली जाते, हेही खरे. काळ मंदावतो, हे तर मोबाइलच्या नकाशातही आहे. दिशादर्शक उपग्रहांवरची घड्याळे जमिनीवरच्यांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. तेवढ्या वेळात प्रकाश ११ किलोमीटरहून अधिक जातो. ही दुरुस्ती केली नाही, तर मारुंजीतला पत्ता सापडायचा नाही!

पलीकडे दुसरे विश्व असते का? आइन्स्टाइन आणि रोझेन यांनी १९३५ मध्ये तसा 'पूल' कागदावर मांडला होता. पण १९६२ मध्ये व्हीलर आणि फुलर यांनी दाखवले, की तो प्रकाशालाही पार होऊ न देता तुटतो. म्हणजे ही बाजू अजून कथेचीच.

फळ्यावर दोन रकाने आखा, 'मोजलेले' आणि 'कल्पिलेले'. आवडत्या कथेतली एकेक गोष्ट मुलांनाच त्यात लिहू द्या. एखादी गोष्ट कुठे घालावी यावर वाद झाला, तर होऊ द्या. लमेत्र आणि आइन्स्टाइन यांचेही एकमत नव्हतेच.