बाईकचं सर्व्हिस मॅन्युअल कुठे मिळतं? डाउनलोड करण्याआधी काय तपासाल?

नव्या बाईकसोबत मिळतं ते ओनर्स मॅन्युअल. ऑइलचा ग्रेड, टायरमधली हवा, चेन किती सैल हवी, हे त्यात असतं. इंजिन किंवा ब्रेक खोलायचे असतील तर सर्व्हिस मॅन्युअल लागतं. ते मेकॅनिकसाठी लिहिलेलं असतं.

कुठे शोधायचं?
ओनर्स मॅन्युअल अनेक कंपन्यांच्या वेबसाइटवर मोफत मिळतं. केंद्र सरकारने डिसेंबर २०२२ मध्ये 'राइट टू रिपेअर' पोर्टल सुरू केलं. सहभागी कंपन्यांची दुरुस्तीविषयक माहिती तिथे एकत्र पाहता येते.

काय तपासायचं?
फक्त मॉडेलचं नाव जुळून चालत नाही. १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ नियम लागू झाले आणि अनेक बाईकमध्ये कार्बोरेटरऐवजी फ्युएल इंजेक्शन आलं. म्हणून आरसीवरचं उत्पादन वर्ष मॅन्युअलशी ताडून पाहा.

टॉर्कचा तक्ता का महत्त्वाचा?
कोणता बोल्ट किती न्यूटन-मीटरने आवळायचा, हे त्यात असतं. ऑइलचा ड्रेन बोल्ट जास्त आवळला तर आटे जातात. सैल राहिला तर ऑइल गळून मागच्या टायरवर येऊ शकतं आणि बाईक घसरू शकते. तक्ता मिळाला नाही, तर ब्रेकचं काम मेकॅनिककडेच द्या.