बाळाचें जेवण

पॅरिसमधील ‘ग्रां काफे’च्या तळघरांत २८ डिसेंबर १८९५ रोजीं ल्यूमिएर बंधूंनीं तिकीट लावून आपल्या चलच्चित्रांचा पहिला खेळ केला. त्याची हकीकत निघाली कीं पडद्यावरची आगगाडी पाहून भ्यालेल्या प्रेक्षकांची गोष्ट हटकून सांगितली जाते. वास्तविक त्या दिवशींच्या दहा चित्रांत आगगाडी नव्हतीच! होतें तें एका बाळाचें जेवण.

चित्र उणेंपुरें एका मिनिटाचेंहि नाहीं. तें त्याच वर्षीं घरच्या बागेंत घेतलेलें. धाकटे बंधु लुई यंत्राची मूठ फिरवीत आहेत. थोरले ओग्युस्त आपल्या आंद्रे नांवाच्या तान्ह्या मुलीस चमच्यानें भरवीत आहेत. शेजारीं तिची आई कॉफींत साखर ढवळते आहे. मध्येंच बाप मुलीच्या हातीं बिस्किट देतो, आणि ती तें तोंडाशीं न नेतां समोर कोणाला तरी देऊं करते. समोर यंत्र, व यंत्रामागें काका! तेव्हां तें बहुधा त्याच्याचसाठीं असावें.

प्रेक्षकांचें लक्ष मात्र मागच्या झाडांकडे गेलें. वाऱ्यानें पानें हलत होतीं. नाटकाचे रंगविलेले पडदे पाहण्यास सरावलेल्या डोळ्यांना कोणीं न हलवितां हलणारें पान हें केवढें नवल वाटलें असेल! दोनच दिवसांनीं एका वृत्तपत्रानें असा अभिप्राय दिला कीं, आपलीं माणसें अशीं हलतीं-बोलतीं टिपतां येऊं लागलीं म्हणजे मृत्यूचा अधिकार संपूर्ण राहणार नाहीं. त्या चित्रांना आवाज नव्हता, हें लेखक उत्साहाच्या भरांत विसरला असावा.

दादासाहेब फाळक्यांनींहि १९१९ सालीं ‘कालिया मर्दना’त आपल्या कन्येस, मंदाकिनीस, कृष्ण केलें; पण तें सोंग होतें. आंद्रेला सोंग ठाऊक नव्हतें. तिला फक्त भूक होती.

पुढें १९१८ च्या इन्फ्ल्युएन्झाच्या सांथींत आंद्रे वारली. वय अवघें चोवीस. ओग्युस्त १९५४ पर्यंत, म्हणजे तिच्यामागें पस्तीस वर्षांहून अधिक, जगले. ती पट्टी त्यांनीं पुन्हां कधीं लावून पाहिली काय, असें मनांत येतें. पट्टी आजहि टिकून आहे: वारा सुटतो, लाळेऱ्याचें टोक उडतें, आणि ती मुलगी बिस्किट पुढें करते.