निरक्षरांचे मत : मराठवाड्याची पहिली सार्वत्रिक निवडणूक

नांदेडहून निजामाबादकडे जाणाऱ्या लोहमार्गावर उमरी हे आमचे गाव आहे. ह्या गावाचे नाव ज्यांनी ऐकले असेल त्यांनी ते बहुधा एकाच कारणाने ऐकले असेल. ३० जानेवारी १९४८ रोजी, म्हणजे ज्या दिवशी दिल्लीत महात्मा गांधींची हत्या झाली त्याच दिवशी, निजामी सत्तेविरुद्ध लढणाऱ्या तरुणांनी उमरीच्या हैदराबाद स्टेट बँकेवर हल्ला करून सुमारे वीस लाख रुपये लढ्यासाठी नेले. त्या रकमेचा चोख हिशेब ठेवला गेला, ही गोष्ट आमच्याकडे आजही अभिमानाने सांगितली जाते. तथापि आज मला जे सांगावयाचे आहे ते ह्या प्रसंगाविषयी नाही. त्यानंतर चारच वर्षांनी ह्याच मुलखात जे घडले त्याविषयी आहे. त्यात बंदुकीचा आवाज झाला नाही, म्हणून त्याचे पोवाडेही झाले नाहीत. १९५२ च्या आरंभी मराठवाड्यातील माणसाने आयुष्यात प्रथमच मत दिले, एवढीच ती गोष्ट.

एवढीच, असे आज आपणांस वाटते. परंतु त्या काळी साऱ्या जगात एक प्रश्न मोठ्या गंभीरपणे विचारला जात होता. ज्याला अक्षरओळख नाही, ज्याने आपल्या तालुक्यापलीकडचे जग पाहिले नाही, अशा माणसाच्या हाती राज्याचे भवितव्य द्यावे काय? साम्राज्ये चालविणाऱ्यांचे उत्तर ठरलेले असे : आज नव्हे, लोक लायक झाले म्हणजे पाहू.

ह्या उत्तराचा व्यवहार कसा असे हे पाहण्यासाठी क्षणभर आफ्रिकेकडे वळू. पश्चिम आफ्रिकेत गोल्ड कोस्ट नावाची ब्रिटिश वसाहत होती. तेथे फेब्रुवारी १९५१ मध्ये सार्वत्रिक निवडणूक झाली. कन्व्हेन्शन पीपल्स पार्टीचे नेते क्वामे एन्क्रुमा त्या वेळी आक्रा येथील जेम्स फोर्ट तुरुंगात शिक्षा भोगीत होते. त्यांच्या मतदारसंघात पडलेल्या २३,१२२ मतांपैकी २२,७८० मते त्यांना मिळाली, आणि गव्हर्नर सर चार्ल्स आर्डेन-क्लार्क यांना आपल्याच कैद्यास मुक्त करून राज्यकारभारात बोलावणे भाग पडले. लोकनियुक्त ३८ जागांपैकी ३४ त्यांच्या पक्षाने जिंकल्या. तथापि ह्या ३८ पैकी शहरांतील केवळ ५ जागांसाठी लोकांनी प्रत्यक्ष मतदान केले होते. खेड्यांतील ३३ जागांसाठी गावकऱ्यांनी आधी आपले निर्वाचक निवडावयाचे आणि त्या निर्वाचकांनी मग सभासद निवडावयाचा, अशी दुहेरी रचना होती. खेडुतावर अर्धाच विश्वास ठेवला गेला होता.

पूर्व आफ्रिकेतील केनियात तर तेवढाही नव्हता. १९५२ च्या तेथील सार्वत्रिक निवडणुकीत युरोपीय, आशियाई आणि अरब यांच्या वेगवेगळ्या याद्या होत्या. आणि ज्यांचा तो देश, त्या आफ्रिकी लोकांचे प्रतिनिधी सरकार नेमीत असे. औंधचे राजपुत्र अप्पासाहेब पंत १९४८ पासून नैरोबीत भारताचे आयुक्त होते. आपल्या मराठी मुलखातील एका माणसाने ही व्यवस्था जवळून पाहिली होती. पुढे १९५७ साली आफ्रिकी लोकांना मत मिळाले, तेही शिक्षण, मिळकत इत्यादी पात्रता पाहून. आणि ज्याची पात्रता अधिक त्याला एकापासून तीनपर्यंत मते! जणू माणूसही मापी-अधोलीने मोजावयाची वस्तू.

श्रोतेहो, ही परक्यांची कथा म्हणून आपण हसू नये. निजामाच्या हैदराबाद संस्थानात याहून निराळे काही नव्हते. १९३७ साली नेमलेल्या अरवमुदु अय्यंगार समितीनंतर, जुलै १९३९ मध्ये सरकारने राजकीय सुधारणा जाहीर केल्या. ८५ सभासदांचे विधिमंडळ व्हावयाचे. त्यांपैकी ४२ निवडलेले. निवडावयाचे कोणी? तर जहागीरदार, पट्टेदार, कुळे, कामगार, व्यापार, बँकिंग, वकील, वैद्य, पदवीधर अशा निरनिराळ्या हितसंबंधांनी. त्यांतही लोकसंख्येचे प्रमाण काहीही असो, हिंदू आणि मुसलमान सभासद समसमान. ह्या रचनेत जमिनीला जागा होती, पैशाला होती, पदवीला होती. नुसत्या माणसाला नव्हती. महायुद्धामुळे ह्या सुधारणा लांबल्या, आणि १९४६ अखेर त्यांच्यानुसार निवडणूक झाली तेव्हा स्वामी रामानंद तीर्थ यांच्या नेतृत्वाखालील स्टेट काँग्रेसने तिच्यावर बहिष्कार घातला. ज्या संस्थेवर १९३८ पासून १९४६ पर्यंत बंदी होती, तिला ही सुधारणा म्हणजे मागणीची थट्टा वाटली, ह्यात नवल ते काय?

१७ सप्टेंबर १९४८ रोजी निजामाने शरणागती पत्करली. त्यानंतर मेजर जनरल जयंतनाथ चौधरी यांचा लष्करी अंमल, आणि २६ जानेवारी १९५० पासून केंद्राने नेमलेले वेलोडी यांचे मंत्रिमंडळ, असा कारभार चालला. निजाम राजप्रमुख म्हणून राहिले. राज्य बदलले, पण रयतेला विचारून अद्याप काहीच झाले नव्हते.

ह्या संधिकालाविषयी बोलताना एक गोष्ट टाळणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. रझाकारांच्या अत्याचारांनी मराठवाड्यातील खेडी होरपळली होती. आणि पोलीस कारवाईनंतर त्याचा सूड, ज्यांनी काहीच केले नव्हते अशा असंख्य मुसलमान कुटुंबांवर उगविला गेला. भारत सरकारने पाठविलेल्या पंडित सुंदरलाल समितीने ज्या चार जिल्ह्यांची सर्वांत अधिक हानी झाली असे नमूद केले, त्यांत उस्मानाबाद, गुलबर्गा व बीदर यांच्यासह आमचा नांदेड जिल्हाही होता. अशा जखमा ओल्या असताना शेजाऱ्यांनी एकाच रांगेत उभे राहावे, ही अपेक्षा लहान नव्हती. नव्या राज्यघटनेने तीच अपेक्षा केली. विभक्त मतदारसंघ गेले. दलितांसाठी जागा राखीव ठेवल्या, परंतु मतदारांची यादी सर्वांची एक. वय वर्षे २१ पूर्ण झाली की जमीन, जात, धर्म, शिक्षण, स्त्री वा पुरुष, काही विचारावयाचे नाही. जहागीरदारास एक मत आणि त्याच्या घोड्याला चारा घालणाऱ्यासही एकच.

आता हे करावयाचे कसे? साऱ्या देशात मतदार १७ कोटींच्या वर, आणि १९५१ च्या शिरगणतीप्रमाणे साक्षर शंभरात वीसदेखील नाहीत. निजामी मुलखात त्याहूनही कमी. मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन हे गणिताचे विद्यार्थी होते. त्यांनी हा प्रश्न व्याख्यानांनी न सोडविता व्यवस्थेने सोडविला. प्रत्येक उमेदवाराची स्वतंत्र पेटी. पेटीवर त्याचे चिन्ह : काँग्रेसची बैलजोडी, समाजवाद्यांचे झाड, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनचा हत्ती. मतदाराने काही लिहावयाचे नाही, खूणही करावयाची नाही. रुपयाच्या नोटेएवढी मतपत्रिका आडोशाआड न्यावी आणि मनातल्या पेटीत टाकावी. ह्या मतपत्रिका आपल्या नाशिकच्या सरकारी छापखान्यात छापल्या गेल्या. लोखंडी पेट्यांपैकी बारा लाखांहून अधिक मुंबईजवळच्या विक्रोळीस गोदरेजच्या कारखान्यात तयार झाल्या. एकाने दोनदा मत देऊ नये म्हणून बोटाला न पुसणारी शाई. ज्याला बैल ओळखता येतो त्याला मत देता येते, असा हा साधा हिशेब होता.

ह्या पद्धतीत उणिवा होत्या. कोणी मतपत्रिका पेटीत न टाकता तशीच बाहेर आणावी आणि विकावी, असेही होऊ शके. म्हणून पुढे मतपत्रिकेवर शिक्का मारण्याची पद्धत आली. मी शिक्षक असताना मतदान अधिकारी म्हणून अनेकदा काम केले ते ह्या शिक्क्याच्या काळात, आणि नंतर यंत्रे आली तेव्हाही. वर्गातली बाके भिंतीशी लावून मध्ये पेटी मांडली की तीच खोली किती निराळी दिसते, हे मी ओळखतो.

सर्वांत अवघड काम निघाले ते नावाचे. मतदारयादी करणारे लोक दारी आले तेव्हा देशातील लाखो स्त्रियांनी स्वतःचे नाव सांगण्यास नकार दिला. 'अमक्याची आई', 'तमक्याची बायको', एवढीच त्यांची ओळख. सेन यांनी कठोर निर्णय घेतला : नाव नाही तर मत नाही. सुमारे २८ लाख स्त्रिया यादीबाहेर राहिल्या. त्यांतील बहुसंख्य उत्तरेकडील प्रांतांतल्या होत्या. त्या काळी ह्या निर्णयावर टीका झाली, आणि ती अगदीच अनाठायी होती असे मी म्हणणार नाही. परंतु त्यामागील तत्त्व खोटे नव्हते. मत नवऱ्याला वा मुलाला द्यावयाचे नव्हते. त्या बाईला द्यावयाचे होते.

हे तत्त्व मला पुस्तकातून नव्हे, तर माझ्या आजीकडून कळले. यादी करणारा कारकून आमच्या ओसरीवर आला तेव्हा माझे आजोबा तिचे नाव सांगू लागले. कारकून म्हणाला, "त्यांनाच सांगू द्या." चार माणसांत स्वतःचे नाव मोठ्याने उच्चारण्याचा तो तिच्या आयुष्यातील पहिला प्रसंग. ती सांगे, "मला वाटलं, सरकारनं मलाच हाक मारली." जुन्या निजामी योजनेत ती कोणत्या हितसंबंधात बसली असती? ती जहागीरदार नव्हती, पदवीधर नव्हती, पट्टाही तिच्या नावाचा नव्हता. आमच्या घरी त्यापूर्वी शाई लागे ती अंगठ्याला, आणि तीही सावकाराच्या कागदावर. १९५२ साली ती प्रथमच तर्जनीला लागली, आणि तिच्याबद्दल कोणाचे देणे वाढले नाही.

निकाल काय लागला? हैदराबाद विधानसभेच्या १७५ जागांपैकी काँग्रेसला ९३ मिळाल्या. पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटला ४२, समाजवाद्यांना ११, शेतकरी कामगार पक्षाला १०, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनला ५ आणि अपक्षांना १४. ६ मार्च १९५२ रोजी बी. रामकृष्णराव यांचे मंत्रिमंडळ अधिकारारूढ झाले. भोकरचे दिगंबरराव बिंदू गृहमंत्री झाले. उमरी त्या वेळी भोकर तालुक्यातच होती. निजामाच्या तुरुंगातून १९४८ साली बाहेर आलेले स्वामी रामानंद तीर्थ गुलबर्ग्याहून लोकसभेवर गेले. परभणीने मात्र काँग्रेसला नाकारून शेतकरी कामगार पक्षाचे नारायणराव वाघमारे यांना दिल्लीस पाठविले. तेलंगणात ऑक्टोबर १९५१ पर्यंत सशस्त्र लढा चालला होता. तेथील नलगोंड्याहून रावी नारायण रेड्डी निवडून आले, आणि त्यांना पडलेली मते खुद्द पंडित नेहरूंच्या मतांहून अधिक होती.

ह्या आकड्यांतच त्या जुन्या प्रश्नाचे उत्तर आहे. निरक्षर मतदार मेंढरासारखा एका वाटेने गेला नाही. स्वातंत्र्य मिळवून देणाऱ्या पक्षाला त्याने राज्य दिले. पण जमिनीचा प्रश्न जेथे धगधगत होता तेथे त्याने दुसऱ्याच पेटीत मत टाकले. अर्थात चित्र सर्वस्वी उजळ नव्हते. देशभरात शंभरातील सुमारे पंचेचाळीसांनीच मतदान केले. वतनदाराच्या धाकाने, जातीच्या शब्दाने वा उधारीच्या दडपणाने दिलेली मतेही त्यांत असतीलच. पण हे दोष निरक्षरतेचे म्हणता येत नाहीत. पुढे साक्षरता कितीतरी वाढली, म्हणून ते नाहीसे झाले असे कोणाला म्हणता येईल काय?

ह्या कथेचा एक शेवट पुन्हा आफ्रिकेत आहे. सुदान त्या वेळी ब्रिटन व इजिप्त यांच्या संयुक्त अमलाखाली होता. १९५३ साली तेथे पहिली पार्लमेंटची निवडणूक घ्यावयाची ठरली, तेव्हा नेमलेल्या आंतरराष्ट्रीय आयोगाचे अध्यक्षपद सुकुमार सेन यांना देण्यात आले. ज्यांना लायकी नसल्याचे सांगितले जात होते, त्यांच्याच देशातील एक अधिकारी दुसऱ्या पारतंत्र देशाची निवडणूक घेण्यास गेला. १ जानेवारी १९५६ रोजी सुदान स्वतंत्र झाला. ६ मार्च १९५७ रोजी गोल्ड कोस्ट घाना म्हणून स्वतंत्र झाला. मधल्या काळात, १ नोव्हेंबर १९५६ रोजी, हैदराबाद राज्याची वाटणी होऊन मराठवाडा मुंबई राज्यात आला, आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात. ज्या विधानसभेसाठी आमच्या माणसांनी पहिले मत दिले ती आता नाही.

मी पस्तीस वर्षांहून अधिक काळ मुलांना अक्षरे शिकविली. अक्षराची थोरवी मी कमी लेखणार नाही. परंतु लायकी आधी आणि हक्क मागून, हे म्हणणे मला कधी पटले नाही. मुलाला पाटी दिल्यावाचून त्याला लिहिता येते किंवा नाही हे कळत नाही. १९५२ साली आमच्या लोकांच्या हाती पाटी दिली गेली.

माझ्या आजीला मी लहानपणी अनेकदा विचारले की, तू कोणाच्या पेटीत मत टाकलेस? ती हसे आणि म्हणे, "ते सांगायचं नसतं, असं साहेबानं सांगितलंय." वाचता न येणाऱ्या त्या बाईला गुप्त मतदानाचा अर्थ पुरता कळला होता, आणि तो तिने अखेरपर्यंत पाळला.