फ्रिजमध्ये मुरणारे बीट

महामार्गावरच्या एखाद्या पंजाबी ढाब्यावर बसले, की जेवणाआधी टेबलावर एक छोटी वाटी येते. तीत बोटाच्या पेराएवढे, लालसर गुलाबी कांदे असतात. हा रंग कांद्याचा स्वतःचा नसतो. व्हिनेगरच्या पाण्यात सोबत टाकलेल्या बिटाच्या दोन-चार फोडींनी तो दिलेला असतो. कांदे संपतात आणि बिटाच्या फोडी बहुधा वाटीच्या तळाशी तशाच राहतात. युरोप-अमेरिकेत मात्र नेमका उलटा प्रकार आहे. तेथे मान बिटाचा. कांदा असलाच तर चवीपुरता.

डेन्मार्कमध्ये लिव्हरच्या पातेसोबत पावावर व्हिनेगरमधील बिटाच्या चकत्या ठेवतात. पोलंडमध्ये किसलेले बीट आणि तिखट हॉर्सरॅडिश यांची ‘चविक्वा’ ईस्टरच्या जेवणात असते. ऑस्ट्रेलियात तर बर्गरमध्ये बिटाची चकती नसेल, तर काही गिऱ्हाइकांना तो बर्गरच वाटत नाही. अमेरिकेत पेनसिल्व्हेनियात स्थायिक झालेल्या जर्मन भाषकांनी दालचिनी-लवंगांच्या गोड-आंबट पाण्यात बीट मुरवण्याची आणि त्याच पाण्यात उकडलेली अंडी टाकून ती जांभळी करण्याची पद्धत रूढ केली. मसालेदार बिटाची जी कृती आज इंग्रजी पाककृतींतून आपल्याकडील घरांत येते, ती याच घराण्यातली.

मूळ पद्धतीत हे बीट वर्षभराच्या बेगमीसाठी केले जात असे. जॉन लँडिस मेसन यांनी १८५८ मध्ये फिरकीच्या झाकणाच्या काचेच्या बरणीचे पेटंट घेतले आणि पुढे भरलेल्या बरण्या उकळत्या पाण्यात बुडवून हवाबंद करण्याची पद्धत घरोघरी पोहोचली. बिटासाठी ही प्रक्रिया किमान ३० मिनिटे करावी लागते आणि समुद्रसपाटीपासूनची उंची वाढेल तशी वेळही वाढवावी लागते. घरात फ्रिज आल्यावर अनेकांनी हा खटाटोप सोडला. बीट शिजवायचे, मसाल्याचे गरम व्हिनेगर त्यावर ओतायचे आणि बरणी फ्रिजमध्ये ठेवायची, एवढेच काम उरले. ‘रेफ्रिजरेटर पिकल’ म्हणतात ते हेच. ते महिनाभराचे असते, वर्षाचे नव्हे. ही मर्यादा लक्षात न घेतल्यामुळेच बहुतेक घोटाळे होतात.

कैरी आणि बीट

मराठी घरातील लोणच्याचे ज्ञान पिढ्यांचे आहे आणि ते कैरीवर पोसलेले आहे. फोडी कोरड्या असाव्यात, मीठ हात राखून घालू नये, वर तेलाचा थर यावा आणि बरणीला दादरा बांधून ती फडताळात ठेवावी, हे नियम कैरीला चोख लागू पडतात. याचे एक मोठे कारण असे, की कैरी स्वतःची आंबटाई घेऊन येते. लिंबाचेही तेच. मीठ, मोहरी आणि तेल यांच्या जोडीला फळातील आम्ल पहिल्या दिवसापासून पहाऱ्यावर असते.

बिटाजवळ असे काही नाही. आम्लता मोजण्याच्या सामू, म्हणजेच पीएच या मापात बीट साधारण ५.३ ते ६.६ या टप्प्यात येते. हा आकडा जितका कमी तितका पदार्थ आंबट. अन्नशास्त्रात ४.६ ही सीमारेषा मानली जाते, कारण तिच्या खाली ‘क्लॉस्ट्रिडियम बोटुलिनम’ या जिवाणूची वाढ होत नाही. हा जिवाणू मातीत राहतो, त्याचे बीजाणू साध्या उकळण्याने मरत नाहीत आणि हवा नसलेली जागा त्याला मानवते. बीट मातीखाली वाढते, हे येथे आठवावे. आंबटपणा न देता शिजवलेले बीट बरणीत भरून वर तेलाचा थर दिला आणि ती ओट्यावर ठेवली, तर त्या जिवाणूला हवे ते सर्व आपणच पुरवलेले असते. कैरीचे शहाणपण बिटाला जसेच्या तसे लावता येत नाही, ते यामुळे.

बोटुलिनमच्या विषाला वास नाही, चव नाही. एकाचे दोन दिसणे, पापण्या जड होणे, जीभ अडखळणे, गिळता न येणे ही त्याची लक्षणे. पुढे श्वसनाचे स्नायूही लुळे पडतात. हा आजार विरळा आहे, पण अमेरिकेत १९९७ मध्ये घडलेली एक घटना या पदार्थाच्या अगदी शेजारची आहे. इलिनॉय राज्यातील ६८ वर्षांच्या एका गृहस्थाने उकडलेली अंडी सोलून, त्यांना दात कोरण्याच्या काड्यांनी भोके पाडून, बीट, तिखट मिरच्या आणि व्हिनेगरसह काचेच्या बरणीत भरली. बरणी घरातच, साध्या तापमानाला राहिली. तिच्यावर अधूनमधून ऊनही पडे. ती अंडी खाल्ल्यावर त्यांना बोटुलिझम झाला आणि कृत्रिम श्वसनयंत्रावर ठेवावे लागले. अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्राने २००० मध्ये हे प्रकरण प्रसिद्ध केले. बरणीतील पाणी पुरेसे आंबट होते, पण अंड्याच्या बलकापर्यंत ती आंबटाई पोहोचलीच नव्हती. भोकांतून बीजाणू आत गेले आणि आम्ल बाहेर राहिले, असा निष्कर्ष तपास करणाऱ्यांनी काढला.

या एका प्रकरणातून बिटासाठी तीन गोष्टी निघतात. पाणी खरोखर आंबट हवे, ते फोडीच्या गाभ्यापर्यंत पोहोचायला हवे आणि ते पोहोचेपर्यंत व नंतरही बरणी थंडीत हवी.

बाटलीवरचा आकडा

पहिल्या गोष्टीत भारतीय स्वयंपाकघराची एक खास अडचण आहे. अमेरिकी कृती ५ टक्के आम्लतेचे व्हिनेगर गृहीत धरून लिहिलेल्या असतात. आपल्याकडील नियमांनुसार व्हिनेगरमध्ये किमान ३.७५ टक्के ॲसिटिक ॲसिड असले तरी चालते आणि बाजारात ४ टक्क्यांच्या बाटल्या भरपूर दिसतात. इंग्रजी कृतीतील ‘दोन भाग व्हिनेगर, एक भाग पाणी’ हे प्रमाण या पातळ व्हिनेगरला लावले, की पाण्याची आंबटाई तेवढ्याच प्रमाणात घटते. म्हणून आधी बाटलीवरचा आकडा वाचावा.

एक किलो बिटासाठी २०० मिलिलिटरची वाटी मापाला घ्यावी. व्हिनेगर ५ टक्क्यांचे असेल तर दोन वाट्या व्हिनेगर आणि एक वाटी पाणी. ४ टक्क्यांचे असेल तर अडीच वाट्या व्हिनेगर आणि अर्धीच वाटी पाणी. दोन्ही मिश्रणांची आंबटाई सारखी येते. ३.७५ टक्क्यांचे असल्यास पाणी घालूच नये. आकडा छापलेला नसेल, तर ती बाटली कोशिंबिरीसाठी ठेवावी. गोव्यातील माडाच्या सुरेचे घरगुती व्हिनेगर चवीला कितीतरी सरस असते आणि विंदालू त्याच्याशिवाय खुलत नाही. परंतु त्याची आम्लता घरागणिक बदलते, त्यामुळे मापावर चालणाऱ्या या कामाला ते उपयोगाचे नाही. तीव्र ॲसिटिक ॲसिड आणून घरी पातळ करण्याचा उद्योग तर कोणीच करू नये. ते कातडी भाजते.

साखर आणि मीठ यांबाबत मात्र मोकळीक आहे. या पदार्थात ती चवीची बाब आहे, टिकण्याची जबाबदारी आम्ल आणि थंडी यांच्यावर असते. मधुमेही व्यक्तींनी साखर निम्मी केली किंवा गाळली, तरी बीट बिघडत नाही. चव अर्थातच करकरीत आंबट होते. आंबटपणा फार वाटला तर साखर वाढवावी, व्हिनेगर कमी करू नये.

कृती

बिटे लहान किंवा मध्यम, पाच-सहा सेंटिमीटर व्यासाची, घट्ट आणि शक्यतो पाल्यासकट घ्यावीत. मोठ्या बिटांत मध्यभागी धागे येतात. पाला कापताना देठाचा इंचभर भाग ठेवावा, शेंडीही तोडू नये आणि साल काढू नये. कापलेल्या जागेतून रंग पाण्यात उतरतो आणि फोडी फिक्या होतात. पाला फेकू नये, त्याची परतून उत्तम भाजी होते. बिटे माती निघेपर्यंत घासून धुवावीत आणि अख्खीच शिजवावीत. उघड्या पातेल्यात २५ ते ३० मिनिटे लागतात. कुकरमध्ये तीन-चार शिट्ट्या पुरतात. सुरी सहज शिरली पाहिजे, पण फोड मोडता कामा नये. निवल्यावर साल अंगठ्याने दाबताच सुटते. मग देठ-शेंडी काढून साधारण सहा मिलिमीटर जाडीच्या चकत्या कराव्यात. अख्खी छोटी बिटे बरणीत फार सुंदर दिसतात, हे खरे. पण आंबटाई गाभ्यापर्यंत लवकर जावी, तर चकत्याच बऱ्या.

व्हिनेगर-पाण्यात पाऊण वाटी साखर, पाऊण चमचा मीठ, बोटभर दालचिनी, सहा लवंगा आणि दहा-बारा मिरी घालून स्टीलच्या पातेल्यात उकळी आणावी. पितळ, तांबे आणि ॲल्युमिनियम येथे वर्ज्य. आम्ल धातू खाते. अमेरिकी कृतींत ‘ऑलस्पाइस’ असतो. तो आपल्या किराणा दुकानांत सहसा मिळत नाही. लवंग, दालचिनी आणि मिरी यांच्या मिश्रणासारखाच त्याचा वास असल्याने त्याच्यावाचून अडत नाही. एखादे चक्रीफूल किंवा तमालपत्र घालण्यास हरकत नाही. मसाले अख्खेच हवेत. पूड घातल्यास पाणी गढूळ होते. वरून फोडणी ओतण्याचा मोह मराठी हाताला होणारच. तो आवरावा आणि फोडणी हवीच असेल तर ती खाताना, वाटीत घ्यावी.

पाच-सात मिनिटे मंद उकळल्यावर, उकळत्या पाण्याने धुऊन कोरड्या केलेल्या काचेच्या बरणीत चकत्या आणि कांद्याच्या कापट्या यांचे थर लावून वरून हे गरम पाणी मसाल्यांसकट ओतावे. काच थंड असेल तर तडकते, म्हणून बरणी कोमट असावी. चकत्या पूर्ण बुडाल्या पाहिजेत. झाकण प्लास्टिकचे बरे, पत्र्याच्या झाकणाला व्हिनेगरने गंज चढतो. दोन तासांच्या आत बरणी फ्रिजमध्ये जावी, तीही दाराच्या कप्प्यात नव्हे, आतल्या फळीवर. दार उघडबंद होताना तेथली थंडी सर्वांत आधी जाते.

तीन दिवस बरणी उघडू नये. पहिल्या दिवशी व्हिनेगर आणि बीट वेगवेगळे लागतात, तिसऱ्या दिवशी लवंग पुढे येते आणि आठवड्याने सगळे एकजीव होते. बिटाला जो मातकट वास असतो, तोही तोवर सौम्य झालेला असतो. हा वास ‘जिओस्मिन’ या द्रव्याचा. पहिल्या पावसानंतर जमिनीतून येणाऱ्या मृद्गंधातही तेच असते. मृद्गंधावर भाळणारी माणसे बिटाला नाक मुरडतात, ही गंमतच. आम्लात जिओस्मिनचे विघटन होते, त्यामुळे बीट न आवडणाऱ्या मुलांनाही व्हिनेगरमधले बीट बऱ्याचदा चालते. रंगालाही आम्ल मानवते. बिटाचे लाल रंगद्रव्य ‘बीटानिन’ आम्लात तजेलदार राहते, तर खाण्याचा सोडा पडला की पिवळट होते. काही जणांच्या लघवीलाही दुसऱ्या दिवशी तांबूस छटा येते. घाबरून जाण्याचे कारण नसते. ‘लाल म्हणून रक्त वाढवणारे’ ही बिटाची ख्यातीही या रंगामुळेच. प्रत्यक्षात १०० ग्रॅम बिटात लोह एक मिलिग्रॅमही नसते. फोलेट मात्र चांगले असते. मूतखड्याचा त्रास असलेल्यांनी बिटातील ऑक्झलेटचा विचार करून डॉक्टरांना विचारावे.

तासन्तास वीज जाणाऱ्या गावात हे बीट करावे का, हा रास्त प्रश्न आहे. बंद दाराचा फ्रिज सुमारे चार तास थंडी धरतो. त्याहून मोठा खंड रोजचा असेल तर अर्धा किलोचेच करावे आणि आठवड्यात संपवावे. एरवीही महिन्याच्या आत संपवणे चांगले. दर वेळी कोरडा, स्वच्छ चमचा वापरावा. पाण्यावर बुरशी किंवा फेस दिसला, झाकण फुगले, तर चव घेऊन पाहू नये; सगळे टाकून द्यावे.

दह्यातल्या कोशिंबिरीपेक्षा हे बीट मुगाच्या खिचडीशेजारी, थालीपिठासोबत किंवा कटलेटच्या पावात अधिक शोभते. बरणीत उरलेल्या लाल पाण्यात पुन्हा नवे बीट घालू नये. पहिल्या चकत्यांतून सुटलेल्या रसाने ते पातळ झालेले असते. तेच पाणी चमचा-दोन चमचे कांदा-काकडीवर शिंपडावे. ढाब्यावरची ती गुलाबी वाटी घरीच तयार होते.